दिराने टाकलेली लिंक आणि घरचे १८ लाख

प्रश्न : ताई, माझ्या भावाच्या मुलाने मराठी पिक्चर काढला. खर्च दीड कोटी सांगतो. यांच्या निवृत्तीच्या पैशातले १८ लाख आम्ही त्यात घातले. शुक्रवारी पिक्चर महाराष्ट्रात ४० थिएटरांत लागला. नागपुरात पहिले दोन दिवस बरी गर्दी होती. रविवारी सकाळी घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर माझ्या धाकट्या दिराने टेलिग्रामची लिंक टाकली, "घरबसल्या पहा, तिकीट वाचवा." ग्रुपवर ६२ जण आहेत. कुणी अंगठे दाखवले, कुणी हात जोडले. मी फोन केला तर म्हणाला, "वहिनी, पंधरावीस जणांनी पाहिल्यानं काय फरक पडते? लिंक तर सगळीकडंच फिरून राहिली." त्या कॉपीत म्हणे समोरच्याचं डोकं दिसते आणि मधेमधे लोकांच्या हसण्याचा आवाज येते. सोमवारपासून थिएटरं रिकामी. यांनी ग्रुप सोडला, भावाशी बोलणं सोडलं. यांना वाटते भाच्याच्या एडिटरनेच पिक्चर विकला. भाचा फोन उचलत नाही. पुढच्या महिन्यात दिराच्या मुलीचा साखरपुडा आहे. पोलिसात जायचं का? पैसे परत येतील का? साखरपुड्याला कोणत्या तोंडाने जाऊ?
एक आत्या, मानेवाडा, नागपूर

ताई, तुमचं पत्र आलं तेव्हा पिक्चर लागून आठ दिवस झाले होते. त्यातला घाईचा भाग मी तुम्हाला त्याच संध्याकाळी कळवला; सदराच्या दिवसापर्यंत तो थांबण्यासारखा नव्हता. तो इथे पुन्हा लिहिते, कारण आपल्या विदर्भात आता गावोगावची पोरं पिक्चर काढतात आणि त्यात कुणाच्या ना कुणाच्या आत्याचे, मामाचे, वावर विकलेल्या बापाचे पैसे असतात.

आधी यांच्या मनातला संशय. "समोरच्याचं डोकं दिसते, हसण्याचा आवाज येते" हे तुम्ही सहज लिहून गेलात, पण तुमच्या पत्रातली सगळ्यात कामाची ओळ तीच आहे. एडिटरच्या टेबलावरून फुटलेली कॉपी स्वच्छ असते. तिच्यात कुणाचं डोकं नसतं, हशा नसतो; फार तर कोपऱ्यात सेन्सॉरसाठी टाकलेली पट्टी असते. ही कॉपी चालू शोमध्ये मोबाइल धरून काढलेली आहे. भाच्याच्या ऑफिसातल्या कुणी पिक्चर विकला, याला आज तरी तुमच्याजवळ काही आधार नाही. हे यांना शांतपणे सांगा, आणि लवकर सांगा. त्या एडिटर पोराचं नाव नातेवाइकांत एकदा फिरलं की ते त्याच्या पुढच्या कामापर्यंत पोचतं, आणि मग कुणालाच मागे घेता येत नाही.

त्या डोक्याचा आणखी एक उपयोग आहे. आता थिएटरला रिळांच्या पेट्या जात नाहीत, कुलूपबंद डिजिटल फाइल जाते. ती पडद्यावर दाखवणाऱ्या यंत्रणा चित्रात डोळ्यांना न दिसणारी खूण मिसळतात. थिएटर कोणतं आणि शो कधीचा, हे त्या खुणेवरून काढता येतं. मोबाइलवर काढलेल्या कॉपीतूनही ती बरेचदा वाचता येते. त्यासाठी ज्या कंपनीने पिक्चर थिएटरांना पुरवला तिला निर्मात्याने लेखी कळवून फुटलेल्या कॉपीचा नमुना द्यायचा असतो. भाच्याने हे केलं नसेल तर ते आजचं काम आहे.

तक्रार तुम्ही करायची नाही, त्याने करायची आहे. पिक्चरचा हक्क आणि सेन्सॉरचं प्रमाणपत्र त्याच्या संस्थेच्या नावावर असणार. २०२३ मध्ये सिनेमॅटोग्राफ कायदा बदलला आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात माहिती व प्रसारण मंत्रालयाने पायरसीच्या तक्रारींसाठी मंत्रालयात आणि सेन्सॉर बोर्डात मिळून १२ नोडल अधिकारी नेमले. हक्कदाराची तक्रार खरी वाटली की अधिकारी आदेश काढतो आणि त्या प्लॅटफॉर्मला ४८ तासांत लिंक काढावी लागते. हक्कदार सोडून दुसऱ्या कुणी अर्ज दिला तर आधी शहानिशा, सुनावणी होऊ शकते, आणि तेवढे दिवस तुमच्याजवळ नाहीत. म्हणून सही भाच्याचीच हवी.

दुसरा अर्ज थेट टेलिग्रामच्या तक्रार अधिकाऱ्याला. २०१३ च्या कॉपीराइट नियमांप्रमाणे हक्कदाराची रीतसर लेखी तक्रार मिळाली की ३६ तासांत ती गोष्ट बंद करायची असते. मात्र २१ दिवसांत न्यायालयाचा आदेश आणला नाही तर ती पुन्हा सुरू करायला कंपनी मोकळी असते. म्हणून वकील या टप्प्यावरच पाहा, महिन्याने नाही. मुंबई उच्च न्यायालयाचं खंडपीठ आपल्या सिव्हिल लाइन्सलाच आहे, तिथल्या वकिलांना हे काम नवं नाही. टेलिग्रामवर कोण चॅनेल चालवतं ते कधी कळतच नाही, असं लोक धरून चालतात. २०२२ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने एका शिक्षिकेच्या दाव्यात कंपनीला अशा चॅनेलवाल्यांची माहिती द्यायला लावली, आणि कंपनीने फोन नंबरांसकट ती न्यायालयात दिली. एक चॅनेल बंद झालं की दोन नवी उघडतात, हेही खरं. दोन आठवडे रोज सकाळ-संध्याकाळ कुणीतरी शोधत बसावं लागतं. ती व्यक्ती कोण असावी, ते पुढे सांगते.

पोलिसात जायचं का, असं विचारता. हो, शहर सायबर पोलीस ठाण्यात जा. थिएटरात पिक्चर चोरून रेकॉर्ड करणाऱ्याला नव्या तरतुदीत किमान ३ महिने ते ३ वर्षं कैद आहे. दंड ३ लाखांपासून सुरू होतो आणि पिक्चरच्या एकूण खर्चाच्या ५ टक्क्यांपर्यंत जाऊ शकतो. दीड कोटीला ते साडेसात लाख होतात. पण कायद्यातले शब्द "ऑडिट झालेला" खर्च असे आहेत. हा शब्द ध्यानात ठेवा, मी त्याच्याकडे परत येणार आहे. कॉपीराइट कायद्याचं हक्कभंगाच्या गुन्ह्याचं कलम ६३ वेगळं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये ते दखलपात्र आणि अजामीनपात्र ठरवलं आहे. पोलीस "आमच्या हातात नाही" म्हणाले तर वकिलाने हा निकाल पुढे ठेवावा.

आता दीर. त्याचं नाव आरोपी म्हणून देऊ नका, असं माझं स्पष्ट मत आहे. हे मी नातं सांभाळायला म्हणत नाही. ज्याने मोबाइल धरला तो आणि जो चॅनेल चालवून सट्ट्याच्या अ‍ॅपच्या जाहिरातींवर पैसे कमावतो तो, हे दोघं सापडायला हवेत, आणि त्यांच्यापर्यंत जाणारी वाट दिराच्या फोनमधून जाते. त्याला लिंक कुणी दिली, कोणत्या चॅनेलवरून, किती वाजता, चॅनेलवर किती सभासद होते, हे सगळं त्याच्याजवळ अजून असेल. त्याने घाबरून चॅट पुसायच्या आत ते स्क्रीनशॉट घ्या, तारीख-वेळ दिसेल असे. त्या चॅनेलवरची फाइल मात्र कुणी पुन्हा उतरवू नका. पिक्चरच्या नावाखाली तिथे फोनमधली माहिती पळवणारी अ‍ॅपही टाकलेली असतात, आणि तुमच्या घरी पेन्शनचं खातं त्याच फोनवर असेल.

यांना हे पटायला जड जाईल. भाऊच तो, आणि त्यानेच ग्रुपवर "तिकीट वाचवा" लिहिलं. म्हणून दोघं कागद-पेन घेऊन बसा आणि माझ्यासोबत एक हिशेब करा.

तिकीट १५० चं धरा. १०० रुपयांवरच्या तिकिटाला १८ टक्के जीएसटी आहे. तो गेला की १२७ उरतात. पहिल्या आठवड्यात त्यातले साधारण निम्मे थिएटरचे. राहिले ६३. वितरकाचं कमिशन गेलं की निर्मात्याच्या हाती ५५ च्या आसपास पडतात. दुसऱ्या आठवड्यापासून थिएटरचा वाटा वाढतो आणि हे ५५ आणखी उतरतात. ग्रुपवरच्या ६२ जणांपैकी २५ जण एरवी तिकीट काढून गेले असते असं समजा. २५ गुणिले ५५, म्हणजे १,३७५ रुपये. दिराच्या लिंकने भाच्याचं एवढं नुकसान झालं. यांचं १८ लाखांचं दुःख त्याच्या अंगावर टाकणं हिशेबात बसत नाही. यांना जे लागलं ते पैशाचं नाहीच; सख्ख्या भावाने घरच्या पोराच्या कष्टाला फुकट म्हटलं, ते लागलं. ते दुःख खरं आहे आणि ते त्याच शब्दांत भावाला सांगायला हवं. १८ लाखांच्या नावाखाली सांगितलं तर तो आकड्यावर वाद घालेल आणि मूळ गोष्ट बाजूला राहील.

दिराचा "काय फरक पडते" हा प्रश्न एकट्याचा नाही, म्हणून तो घातक आहे. अर्न्स्ट अँड यंग आणि इंटरनेट अँड मोबाइल असोसिएशन यांच्या २०२४ च्या अहवालात देशातले ५१ टक्के प्रेक्षक कुठल्या ना कुठल्या चोरट्या मार्गाने पाहतात असं निघालं. २०२३ सालचा चोरीचा बाजार त्यांनी २२,४०० कोटींचा धरला, त्यात थिएटरांतून चोरलेल्या मालाचे १३,७०० कोटी. हे अंदाज आहेत, आणि फुकट पाहणारा प्रत्येक जण तिकीट काढणारच होता असंही नाही. पण छोट्या मराठी पिक्चरला मार बसतो तो वेगळ्या ठिकाणी. त्याच्याजवळ जाहिरातीला पैसा नसतो. पहिल्या शनिवार-रविवारी पाहून आलेले लोक सोमवारी ऑफिसात, मंगळवारी भाजीबाजारात सांगतात, तेव्हा कुठे दुसऱ्या शनिवारची गर्दी जमते. आणि मल्टिप्लेक्सवाले पुढच्या शुक्रवारचे शो सोमवार ते बुधवारच्या खुर्च्या मोजून ठरवतात. तुमच्या भाच्याचा पिक्चर रविवारी फुटला. "बरा आहे" असं ज्याने सांगितलं त्याच्याच पाठोपाठ लिंक गेली. सोमवारी खुर्च्या रिकाम्या दिसल्या, गुरुवारी शो उतरले, किंवा दुपारच्या अडनिड्या वेळेला ढकलले गेले. पुढे ओटीटीवाल्यांशी बोलायला बसलं की ते थिएटरचाच आकडा विचारतात. घाव असा एकाला लागून एक बसत जातो.

तरीही तुम्हाला आणखी एक गोष्ट सांगितल्याशिवाय हे पत्र पुरं करणं मला बरोबर वाटत नाही. ५५ रुपयांच्या हिशेबाने दीड कोटी सुटायला पावणेतीन लाख तिकिटं लागतात. ४० थिएटरांत रोज दोन शो, असे दोन आठवडे चालले तर ११२० शो होतात. म्हणजे दर शोला २४० च्या वर माणूस. मल्टिप्लेक्सच्या बऱ्याच पडद्यांना तेवढ्या खुर्च्याच नसतात. पिक्चर फुटला नसता तरी नुसत्या थिएटरवर हे पैसे सुटणार नव्हते. भाच्याने बाकी हक्कांवर काहीतरी भिस्त ठेवली असणार. ती काय होती, हे १८ लाख देताना तुम्ही विचारलं नाहीत आणि त्याने सांगितलं नाही, असं पत्रावरून दिसतं. "पायरसीने बुडालो" हे वाक्य खरं असतं, आणि त्या एका वाक्यामागे बाकीचा हिशेब लपूनही जातो. भाचा मुद्दाम लपवतो असं मी म्हणत नाही. तिशीतला पोरगा, पहिला पिक्चर, नातेवाइकांचे पैसे. फोन न उचलण्यामागे लबाडीपेक्षा लाज असते, असा माझा अनुभव आहे.

तरी कागद मागा. प्रत्येक थिएटरचा डीसीआर, म्हणजे रोजच्या तिकीटविक्रीचा हिशेब, वितरकाचं स्टेटमेंट, प्रसिद्धीवर काय गेलं, आणि सॅटेलाइट म्हणजे टीव्हीचे हक्क, ओटीटी, संगीत यांतलं काय विकलं नि काय हातात आहे. तुमचे १८ लाख कर्ज होते की भागीदारी, हे कुठल्या कागदावर लिहिलं आहे ते पाहा. काहीच लिहिलेलं नसेल तर बँकेतली नोंद काढून चांगल्या सीएकडे बसा. पिक्चरचं ऑडिट करून घ्यायला भाच्याला भाग पाडा. दंडाची कमाल रक्कमसुद्धा ऑडिट झालेल्या खर्चावरच मोजतात, तेव्हा हे काम त्याच्याही हिताचं आहे. आणि दर्जेदार मराठी चित्रपटांना राज्य शासनाचं अर्थसाहाय्य मिळतं, त्याचा अर्ज गोरेगावच्या चित्रनगरीत जातो. परीक्षण समिती पिक्चर पाहून दर्जा ठरवते. तो टेलिग्रामवर फुटला याचा तिथे संबंध नाही. मुदत पाहून हा अर्ज आधी लावा. थिएटरचे गेलेले पैसे बहुतेक परत येणार नाहीत, हे मी तुम्हाला स्पष्टच सांगते. जे येऊ शकतं ते या कागदांतूनच येईल.

दिराशी बोलण्याचं राहिलं. माझे वडील अमरावतीच्या एका वितरण कचेरीत रिप्रेझेंटेटिव्ह होते. पिक्चरच्या धंद्यात विदर्भ ज्या पट्ट्यात येतो त्याला सी.पी.-बेरार म्हणतात, आणि त्या मुलखाच्या कितीतरी कचेऱ्या तेव्हा अमरावतीत होत्या. वडील रिळांच्या पत्र्याच्या पेट्या घेऊन एसटीने पुसदला, वणीला, दर्यापूरला जायचे आणि थिएटरात बसून फाडलेल्या तिकिटांची अर्धुकं मोजायचे. २००३ मध्ये ते नागपूरला आमच्याकडे आले होते. आम्ही गांधीबागेच्या फूटपाथवरून नव्या पिक्चरची सीडी आणली, सगळे खाली बसलो, मुलांना फुटाणे दिले. वडील दोन मिनिटं पाहत बसले आणि उठून बाहेर ओट्यावर गेले. रागावले नाहीत. सकाळी चहा घेताना एवढंच म्हणाले, "वणीला मी सतरा तिकिटांसाठी मॅनेजरशी रात्री एक वाजेस्तोवर भांडलो होतो." मला तोवर कधी वाटलंच नव्हतं की आपण कुणाचं काही घेतो आहोत. दुकानात मिळते, सगळे आणतात, आम्हीही आणली. त्या सतरा तिकिटांनी मला जे कळलं ते कुठल्या पाटीने किंवा जाहिरातीने कळलं नसतं.

तुमच्या दिरालाही तसं वाटलेलं नाही. म्हणून त्याला चोर म्हणू नका, ग्रुपवर भाषण लिहू नका. त्याच्या घरी जा, एकट्याच जा, आणि वरचा हिशेबाचा कागद सोबत न्या. साधारण असं म्हणा : "भाऊजी, तुमच्या लिंकने १,३७५ रुपये गेले, १८ लाख नाही, हे मला समजलं. पण यांचे १८ लाख त्यात होते हे तुम्हाला माहीत होतं, आणि तुम्ही तिकीट वाचवा म्हणालात, ते यांना लागलं. आता मला तुमची मदत पाहिजे." मग मदत खरोखर मागा. चॅनेलची माहिती, स्क्रीनशॉट, लिंक देणाऱ्याचं नाव, आणि लागलं तर सायबर ठाण्यात साक्षीदार म्हणून सोबत येणं. रोज सकाळ-संध्याकाळ नवी चॅनेल शोधून भाच्याला कळवायचं काम कुणी करावं, असं मी वर म्हटलं होतं. ते दिराला द्या. त्याला ते जग ठाऊक आहे. ग्रुपवरची लिंक त्यानेच काढावी आणि का काढली ते त्याच्या शब्दांत लिहावं. त्याने नाही म्हटलं तर तुम्ही त्यावर वाढवू नका, स्क्रीनशॉट तुमच्याजवळ आहेतच.

साखरपुड्याला जा. त्या मुलीने तुमचं काही केलेलं नाही, आणि काका आले नाहीत हे तिला जन्मभर आठवेल. यांना आजच "चला" म्हणू नका. दिराने एक काम जरी केलं, तरी ते आठवड्याभराने यांच्या कानावर घाला आणि मग विचारा.

हे सगळं ज्याच्यावर अडलं आहे तो भाचा. त्याला पहिला फोन पैशासाठी करू नका. जेवलास का, झोप लागते का, एवढंच विचारा, आणि नोडल अधिकाऱ्याचा अर्ज गेला का ते. हिशेबाचं चार दिवसांनी. तुमचा नंबर पाहून तो उचलत नसेल तर तुमच्या वहिनींना लावा, रात्री साडेनऊच्या सुमारास, तो जेवायला बसला असेल तेव्हा. फोन त्याच्या कानाला त्या लावून देतील.